कपच्यांमधली पोकळी

१

धाकट्या लेकीचा नवरा गेला आणि ती चार वर्षांच्या पोरीचा हात धरून बापाच्या घरी परत आली, त्या वर्षीची ही गोष्ट. बाप पाथरवट. साठ वर्षं दगडावर छिन्नी मारून त्याचे अंगठे चपटे झाले होते आणि डाव्या कानाने त्याला ऐकू कमी येत होतं. पायऱ्या, उंबरे, थडग्यांचे दगड, मागणी येईल ते त्याने घडवलं. थडग्यावरची अक्षरं मात्र दुसऱ्याने खडूने लिहून द्यावी लागत, तो फक्त कोरायचा. जावयाच्या दगडावरची अक्षरं लेकीने लिहून दिली होती. त्या दिवसापासून बापलेकीत बोलणं कमी झालं होतं आणि समजणं वाढलं होतं.

त्या वर्षी हिवाळा सरता सरता, एका गुरुवारी लेक कामावरून भर दुपारीच घरी आली. पायातलं न काढता आत येऊन भिंतीला टेकून उभी राहिली.

"बाबा, कुऱ्हाड गेली."

"कुठली?"

"काचेतली. सरांची." मग जरा थांबून म्हणाली, "मी नेली म्हणतात."

पाथरवटाने हातातली छिन्नी खाली ठेवली. कुऱ्हाड कुठली हे त्यालाच काय, गावात कुणालाही सांगावं लागलं नसतं. लेक ज्या संग्रहालयात कामाला होती तिथे माणूस पुरता माणूस होण्याआधीच्या काळातल्या वस्तू होत्या. हाडांचे दगड झालेले तुकडे, दगडांची हत्यारं, ट्रेच्या ट्रे भरून. लेक ते दगड ब्रशने धुवायची, वाळवायची, पांढऱ्या रंगाची पट्टी ओढून त्यावर काळ्या शाईने नंबर घालायची.

सगळ्यात मोठं नाव त्या कुऱ्हाडीचं. तीस वर्षांपूर्वी सरांनी नदीच्या वळणावर खोदकाम केलं, तेव्हा त्यांना एका लहान पोराचा जबडा मिळाला. दुधाचे दात तसेच होते. जबड्याशेजारी वीतभर लांब, बिनदांड्याची, मुठीत धरायची दगडी हातकुऱ्हाड होती आणि तिची धार कोरी होती, एकदाही न वापरलेली. सरांनी लिहिलं, की कुणीतरी मेलेल्या लेकरासाठी नवी कुऱ्हाड घडवून त्याच्याजवळ ठेवली. माणसाने केलेल्या शोकाची ही सगळ्यात जुनी खूण. ते वाचून दूरदूरची माणसं आली, काचेपुढे उभी राहिली आणि न बोलता परत गेली. सर गेल्या साली वारले. येत्या सोमवारी बाहेरून तीन परीक्षक यायचे होते. दगडावर काळाची जी साय चढते तिचं वय सांगणारं यंत्र ते आणणार होते.

"काल, बुधवारी सकाळी काच पुसली तेव्हा होती, संध्याकाळी नव्हती. कुलूप फोडलेलं नाही," लेक म्हणाली. "किल्लीने उघडलंय. एक किल्ली साहेबांकडे आणि एक माझ्याकडे. साहेब म्हणाले, सोमवारी सकाळपर्यंत आणून दे, मी काही विचारणार नाही. नाहीतर पोलीस."

"तुझी किल्ली कुठे असते?"

"धुण्याच्या खोलीत, खिळ्याला."

"म्हणजे सगळ्या गावाकडे असते."

लेक हसली नाही. पोर आतून धावत आली आणि तिच्या पायांना बिलगली.

"चोरी दागिन्याची असती तर मला काही कळलं नसतं," पाथरवट म्हणाला. "दगडाची आहे. उद्या मी येतो."

लेकीने मान हलवली. मग पोरीच्या कानांवर हात ठेवून हळूच म्हणाली, "बाबा, आणखी एक. तिथे दुपारी बाराला सर येतात."

"कोण सर?"

"मेलेले. दगड फोडायला येतात. रोज आवाज येतो."

२

संग्रहालयाच्या दारातच शिपाई स्टुलावर बसला होता. लेक त्याला मामा म्हणायची. मामाची नोकरी पंचवीस वर्षांची, आणि त्यातली वीस तरी त्याने त्या स्टुलावर काढली होती.

"मामा, बुधवारी दुपारी तुम्ही कुठे होतात?" पाथरवटाने विचारलं.

"इथेच."

"बारा वाजता?"

मामाने इकडेतिकडे पाहिलं. "बारा ते साडेबारा मी समोरच्या फाटकाबाहेर असतो. खोटं कशाला बोलू? सर गेल्यापासून मागच्या अंगणात टकटक चालते. दगडावर दगड. पहिल्यांदा मी बघायला गेलो. कुणी नाही. स्टूल तेवढं उन्हात. हात लावला तर ऊबदार."

"उन्हात ठेवलेलं स्टूल ऊबदारच असणार."

"तुम्ही हसा. माझी पाचावर धारण बसली होती."

म्हणजे रोज अर्धा तास दालनात चिटपाखरू नसतं, आणि ही गोष्ट इथल्या सगळ्यांना ठाऊक आहे. पाथरवटाने हे मनात ठेवलं.

साहेब आपल्या खोलीत उभेच होते. सरांचे हे जावई. सासऱ्यांची खुर्ची त्यांच्याकडे आली होती, पण तिच्यात ते नीट बसलेले कुणी पाहिले नव्हते. काठावर टेकायचे.

"मिस्त्री, तुम्ही आमच्या पायऱ्या बसवल्या आहेत, मला तुमच्याबद्दल आदर आहे," ते म्हणाले. "पण किल्ल्या दोनच आहेत. मी माझ्याच सासऱ्यांची कुऱ्हाड चोरीन का?"

"परीक्षा नको असेल तर चोरालही."

साहेबांचा चेहरा उतरला. परीक्षा पुढे ढकला म्हणून त्यांनी दोनदा पत्र घातलं होतं, हे लेकीने सकाळीच बापाला सांगितलं होतं.

"सर गेले त्याला वर्ष झालं नाही," ते हळू आवाजात म्हणाले. "यंत्राने उद्या काही भलतंच सांगितलं तर आमच्या घरात कोण तोंड वर करून चालेल? मी फक्त वेळ मागत होतो. कुऱ्हाड गेली तर आता लोक म्हणणार, खोटी होती म्हणूनच लपवली. मला तर ती सापडायलाच हवी."

ते पटण्यासारखं होतं. पाथरवट आणखी काही विचारणार, इतक्यात त्याच्या उजव्या कानाने आवाज टिपला.

टक. टक. मग थोडा वेळ काही नाही. मग टक.

साहेबांनी डोळे मिटून घेतले. भिंतीवरच्या घड्याळात बारा वाजून पाच मिनिटं झाली होती.

पाथरवट उठला. दालन ओलांडून, धुण्याच्या खोलीतून तो मागच्या दाराकडे गेला. आवाज आता अगदी जवळ होता. साठ वर्षांच्या सवयीने त्याचे कान तो आवाज वाचत होते. घाव घालणारा नवखा नाही. पण बिचकतोय, घावाच्या आधी श्वास धरतोय.

त्याने दार ढकललं. बिजागरी करकरली आणि आवाज थांबला.

अंगणात कुणी नव्हतं. भिंतीला पाठ करून एक स्टूल होतं, समोर धुण्याचा हौद, त्याला लागून गोदामाचं दार. पाथरवट स्टुलापाशी वाकला. जमीन झाडलेली होती, पण घाईत. स्टुलाच्या उजव्या पायाशी चार ताज्या कपच्या राहिल्या होत्या, अजून पिठूळ.

भुताच्या हाताखाली कपच्या पडत नाहीत. शिवाय उजव्या हाताने दगड फोडणारा माणूस दगड डाव्या मांडीवर धरतो, त्याचा कचरा डावीकडे पडतो. हा कचरा उजवीकडे होता.

३

अंगणावर एका घराची खिडकी उघडत होती. खिडकीत सरांच्या बाई बसलेल्या होत्या. दिसायला फार कमी झालं होतं, त्यामुळे त्यांचं सगळं लक्ष कानात असे.

"पाऊल पाथरवटाचं आहे," त्या म्हणाल्या. "जड, आणि आधी टाच. या."

"बाई, तुम्हाला आवाज येतो का?"

"रोज येतो. सगळे म्हणतात, तुमचा नवरा दगड फोडायला येतो." त्या किंचित हसल्या. "माझ्या नवऱ्याने उभ्या जन्मात भिंतीत खिळा ठोकला नाही. एकदा ठोकला, तर बोट आठ दिवस बांधून फिरले. मेल्यावर कुठून येणार ती अक्कल? तो येत असता तर पुस्तकं पाडली असती."

"मग कोण?"

"कुणीतरी दुःखी माणूस आहे. थोडं फोडतो आणि मग थांबतो. थांबतो तेव्हा त्याचं रडणं ऐकू येत नाही, पण श्वास ऐकू येतो." बाईंनी खिडकीच्या कडेवरून हात फिरवला. "आमचं पहिलं मूल दोन वर्षांचं होऊन गेलं. तो जबडा निघाला त्या दिवशी हे घरी येऊन म्हणाले, आपण एकटे नाही गं, आपल्या आधीही कुणीतरी होतं. त्यानंतर आमच्या घरात त्या मुलाबद्दल बोलता यायला लागलं. कुऱ्हाड खोटी निघाली तर मला काय हरवेल, ते जावईबापूंना कळायचं नाही. तुमच्या लेकीने ती नेली नाही. ती माझे पाय दाबताना रडते, पण चोरून रडते. चोरी करणारी उघड रडेल."

पाथरवट तिथून संग्रहालयाच्या चित्रकाराच्या खोलीत गेला.

चित्रकार तिथे सरांच्याही आधीपासून होता म्हणत. प्रत्येक दगडाचं चित्र त्याने काढलेलं. खोली लहान, एका खिडकीची. टेबलावर दगड मांडलेला, टोक वर, जाड बूड आपल्याकडे, आणि दगड डुलू नये म्हणून खाली चिकट मेणाची एक गोळी. चित्रकाराच्या डाव्या हातात पेन होतं.

पाथरवटाने तो डावा हात पाहिला आणि नजर दुसरीकडे वळवली.

"तुमच्या लेकीचं वाईट वाटलं," चित्रकार म्हणाला.

"वाटणारच. तुम्हाला ती काका म्हणते."

"पोलिसांत देणार नाहीत. साहेब नुसते बोलतात."

"तुम्हाला कसं माहीत?"

चित्रकाराने पेनाचं टोक कपड्याने पुसलं. पुन्हा पुसलं. टोक स्वच्छच होतं.

नुसत्या डाव्या हाताने चोरी सिद्ध होत नाही, हे पाथरवटाला कळत होतं. फार तर एवढंच कळलं, की बाराचं भूत कोण आहे. कुऱ्हाड हातात आल्याशिवाय लेकीवरचा डाग जाणार नव्हता, आणि हातात उरले होते दोन दिवस.

४

शनिवारी सकाळी बापलेक गोदामात शिरले. जमिनीपासून छतापर्यंत फळ्या आणि फळ्यांवर लाकडी ट्रे, सहाशेच्या वर.

"गावभर शोधलं साहेबांनी," लेक म्हणाली. "माझी पिशवी उलटी केली. पोरीच्या खेळण्यांत पाहिलं."

"दगड लपवायचा तर खेळण्यांत कशाला? झाड लपवायला माणूस रानात जातो. इथे कुणी न उघडणारा ट्रे कुठला?"

लेक थबकली. "टाकाऊचे. जे दगड हत्यार नाहीत म्हणून सर बाजूला टाकायचे. वीस ट्रे आहेत. त्यांना नंबर नसतो. वर्षानुवर्षं कुणी हात लावत नाही."

"दाखव."

ते सगळ्यात खालच्या फळीवर होते. दगड कसेही टाकलेले, एकावर एक, पालथे, आडवे. पाथरवट एकेक ट्रे बाहेर ओढून नुसता बघत राहिला. अकराव्या ट्रेपाशी त्याने गुडघे टेकले.

"या गर्दीत कोण शिस्तीत झोपलंय, बघ."

मधोमध एक दगड होता, मातीने माखलेला. बाकीचे वाकडेतिकडे, हा मात्र टोक वर करून, जाड बूड समोर ठेवून सपाट पडलेला. पाथरवटाने एका बोटाने त्याला ढकललं. दगड डुलला नाही. त्याने तो उचलला. खाली चिकट मेणाची गोळी होती.

माती ओल्या फडक्याने पुसल्यावर धार दिसली. नंबर होता तिथे स्पिरिटने पुसल्याची पांढुरकी खूण राहिली होती.

"काकांनी?" ती म्हणाली. "लपवताना खाली मेण कोण लावतं?"

"त्याने नाही लावलं. त्याच्या हाताने लावलं. हाताला सवय लागली की हात मालकाला विचारत नाही."

कुऱ्हाड पाथरवटाच्या तळव्यात होती. सहज बसली होती. एका बाजूला उथळ खळगा होता, त्यात त्याचा चपटा अंगठा असा टेकला, जणू माप घेऊन केला असावा. त्याने ती डाव्या हातात घेतली. बुडाचा एक कंगोरा तळव्याला टोचला. पुन्हा उजव्या हातात घेतली. पुन्हा डाव्या.

"काय झालं, बाबा? चला ना, साहेबांना दाखवू."

"थांब," पाथरवट म्हणाला. "काहीतरी जुळत नाही."

५

चित्रकाराने कुऱ्हाड पाहिली आणि खुर्चीत बसला. नाकारायचा प्रयत्नसुद्धा केला नाही.

"मी सोमवारनंतर सांगणार होतो," तो लेकीला म्हणाला. "परीक्षक परत गेले की. तुझ्यावर येईल असं वाटलं नव्हतं. आल्यावर बोलायचं धाडस झालं नाही. काल तीन चिठ्ठ्या लिहिल्या आणि फाडल्या."

"चोर सोडून संन्याशाला फाशी," लेक म्हणाली. "भूत तुमचं, काका, आणि पाय माझ्या पोटावर."



"का?" पाथरवटाने विचारलं.

"ती मी केली आहे."



"खोदकामाचं तिसरं वर्ष होतं," चित्रकार सांगू लागला. "फुटके तुकडे सोडून काही निघत नव्हतं. वरून पत्र आलं, या महिन्यात काही सापडलं नाही तर काम बंद. सर जेवेनात. मी ते तुकडे काढून काढून कुऱ्हाड कशी करतात ते शिकलो होतो. तुकड्यांवरून माप घेतलं, त्याच जातीचा दगड आणला आणि एक केली. चुन्याच्या पाण्यात ठेवली, चिखल फासला, आणि चराच्या पूर्वेच्या कोपऱ्यात पुरली. म्हटलं, सरांना सापडेल, दोन घास जेवतील, मग खरं सांगू. आठव्या दिवशी त्यांनी हाक मारली. जाऊन बघतो तर कुऱ्हाड, आणि शेजारी त्या लेकराचा जबडा. सर चिखलात गुडघ्यांवर बसून रडत होते. त्यांचं मूल गेलेलं, ते मला माहीत होतं. मी काय सांगणार होतो?"

"तीस वर्षं?"

"रोज म्हणायचो, उद्या. मग ते गेले. आता यंत्र येणार, आणि लोक म्हणणार सरांनी फसवलं. ते नको होतं मला."

"आणि दुपारची टकटक?"

चित्रकार ओशाळला. "सर गेल्यावर वाटलं, निदान एकदा परत करून बघू, खरंच आपल्या हातून झाली होती का. पंचवीसेक वेळा केली असेल. एकदाही तशी उतरली नाही. भलतीकडेच झुकते. म्हातारपण."

पाथरवटाने कुऱ्हाड त्याच्यापुढे धरली. "घ्या हातात. पेन धरता त्या हातात."

चित्रकाराने घेतली आणि लगेच टेबलावर ठेवली.

"टोचते?"

"नेहमीच टोचायची. वाटायचं, पाप टोचतंय."

"पाप तळव्याच्या एकाच जागी टोचत नाही," पाथरवट म्हणाला. "माझ्या छिन्नीची मूठ मी माझ्या हाताला होईल अशी करतो. तुम्ही डाव्या हाताचे. तुम्ही ही उजव्या हाताची का केली? बरं, कोपऱ्यात पुरली म्हणता. सापडली कुठे?"

"कोपऱ्यापासून चार हातांवर. मध्ये नदीचं पाणी शिरलं होतं, चराची बाजू ढासळली होती. सरकली असेल."

"सरकून नेमकी जबड्याशेजारी बसली?"

चित्रकाराने टेबलावरची कुऱ्हाड फिरवून पाहिली.

"तुमचा हात मेणाची गोळी विसरला नाही. मग कुऱ्हाड कशी विसरला?" पाथरवटाने विचारलं. "तुम्ही ती केली तेव्हाच्या कपच्या काय केल्या?"

चित्रकाराने टेबलाचा सगळ्यात खालचा खण ओढला. पत्र्याचा एक गंजका डबा होता.

"टाकवल्या नाहीत," तो म्हणाला.

६

कपच्या जुळवणं हे लेकीचं काम. ते पाथरवटाला येत नव्हतं, आणि चित्रकार तर डब्याला हात लावायलाही तयार नव्हता. दगड फोडताना जे उडतं ते सगळं असेल, तर ते पुन्हा एकमेकांना बसवता येतं. मधे पोकळी उरते, आणि त्या दगडातून जे घडवलं त्याचाच आकार त्या पोकळीला असतो. डब्यात त्रेसष्ट कपच्या होत्या. लेकीने वाळूचा ट्रे घेतला आणि शनिवारी दुपारी बसली. साहेबांना तिने निरोप धाडला, की कुऱ्हाड मिळाली आहे, पण रविवारी दुपारपर्यंत कुणी काही विचारू नये. आयुष्यात पहिल्यांदा तिने साहेबांना हुकूम सोडला असेल.

रविवारी बारा वाजता सगळे धुण्याच्या खोलीत जमले. साहेब, त्यांचा हात धरून बाई, दारात मामा. चित्रकार भिंतीपाशी. बाराचे ठोके पडले आणि मामाने सवयीने अंगणाकडे पाहिलं. अंगण गप्प होतं.

कपच्यांची ओबडधोबड दोन शकलं तयार झाली होती, एका नारळाची दोन भकलं असावीत तशी. तीनच फटी राहिल्या होत्या. चित्रकाराने काय केलं होतं ते लेकीने आधी साहेबांना आणि बाईंना चार वाक्यांत सांगितलं. साहेब काठावर टेकायला खुर्ची शोधू लागले. बाई हलल्या नाहीत.

"घाला आत," चित्रकार म्हणाला. "एकदाचं संपू दे."

लेकीने कुऱ्हाड उचलली आणि एका शकलातल्या पोकळीत ठेवली.

ती आत गेली नाही.

तिने फिरवून पाहिली, उलटी करून पाहिली. कुऱ्हाड पोकळीपेक्षा बोटभर लांब होती. पोकळीचं टोक एका बाजूला झुकलेलं, कुऱ्हाडीचं दुसऱ्या. लेकीने वितळलेलं मेण पोकळीत ओतलं, निवू दिलं आणि शकलं सोडवली. मेणाची कुऱ्हाड बाहेर आली. सुरेख होती. कुठल्याही संग्रहालयात शोभली असती. पण काचेतली नव्हती.

ती तिने चित्रकाराच्या डाव्या हातात दिली. मूठ आपोआप मिटली. कुठेच टोचलं नाही.

"भित्यापाठी ब्रह्मराक्षस," पाथरवट हळूच म्हणाला. "तुम्ही एक पुरलीत म्हणून सापडलेली तुमचीच असणार, असं तुम्ही धरून चाललात. तुकड्यांवरून माप घेतलं होतं, म्हणून दिसायलाही बहिणी. रोज तिचं चित्र काढलंत, पण बघत होतात स्वतःला. रोज दुपारी तुमचा हात तुम्हाला खरं सांगत होता, ही माझी नव्हे म्हणून. तुम्ही त्याला म्हातारा म्हणालात."

चित्रकार मेणाच्या कुऱ्हाडीकडे बघत होता. त्याने विचारलं, "मग माझी कुठे आहे?"

"जिथे पुरलीत तिथे."

ते वळण आता धरणाच्या पाण्याखाली होतं. वीस पुरुष पाणी.

"सरांना सांगता आलं असतं," तो म्हणाला. "कुठल्याही दिवशी सांगितलं असतं, तर ते म्हणाले असते, चल, खोदून बघू. आणि दुसरी निघाली असती."

बाईंनी हात पुढे केला. लेकीने खरी कुऱ्हाड त्यांच्या तळव्यात ठेवली. बाईंनी ती चाचपली, अंगठ्याचा खळगा शोधला, त्यात अंगठा टेकला.

"बाप असेल की आई?" त्यांनी विचारलं.

"ते दगडात कळत नाही," पाथरवट म्हणाला. "उजव्या हाताचं कुणीतरी. घाई केलेली नाही. एकही घाव वाया नाही." आणि मग, कुणी विचारलं नसताना, तो म्हणाला, "असं काम करताना घाई होत नाही. संपूच नये असं वाटतं." लेकीने बापाकडे पाहिलं आणि ट्रेमधली वाळू सारखी करू लागली.

साहेबांनी लेकीची माफी मागितली. पायऱ्यांचे जुने राहिलेले पैसे देऊ का, असंही पाथरवटाला विचारून बसले. माणूस वाईट नव्हता, त्याला कुठे काय बोलावं हे कळत नव्हतं. लेकीने नवी पांढरी पट्टी ओढली, जुनाच नंबर घातला आणि काच पुसून कुलूप लावलं. किल्ली या वेळी खिळ्याला नाही, कनवटीला लावली.

सोमवारी परीक्षक आले. यंत्राने सायीचं जे वय सांगितलं त्यातली शून्यं लेकीने तीनदा मोजली. जबडा आणि कुऱ्हाड एकाच काळातली होती. चित्रकाराने सगळं लिहून दिलं होतं, ते परीक्षकांनी वाचलं आणि घडी घालून त्याला परत केलं. त्यानंतर अंगणात दुपारी टकटक झाली नाही. मामा मात्र बारा वाजले की फाटकाबाहेर जात राहिला. म्हणायचा, आवाज येत होता तेव्हा निदान कुठे आहे ते तरी कळायचं.

चित्रकार रोज कामावर येत राहिला. दगड मांडायचा, खाली मेणाची गोळी लावायचा. कधी कधी पेन उचलायचाच नाही, नुसता धरणाच्या दिशेच्या खिडकीतून बघत बसायचा. लेक त्याला परत काका म्हणू लागली, पण त्याला चार महिने लागले.

त्याच्या थडग्याचा दगड पाथरवटाने घडवला, अक्षरं लेकीने खडूने लिहून दिली. पत्र्याचा डबा, त्रेसष्ट कपच्यांसकट, तिने त्याच्याजवळ ठेवला.

चित्रकार वारला तो पुढच्या वर्षी, पाथरवटाची नात पहिल्यांदा शाळेत गेली त्या सोमवारी, सकाळी अकराच्या सुमारास, आपल्या टेबलाशी. वय एकाहत्तर.